नाशिकच्या छोट्या वायनरींची एक दिवसाची सहल: पहिल्या फोनपासून बाटली घरी पोहोचेपर्यंत

दर हिवाळ्यात मुंबई-पुण्याची ओळखीची मंडळी मला आपला बेत पाठवतात आणि तो जवळजवळ सारखाच असतो. सकाळी मिसळ, मग पाच वायनरी, मधे कुठेतरी जेवण, रात्री घरी. असा दिवस मी स्वतः करून पाहिला आहे. तिसऱ्या ठिकाणी जीभ बधिर होते, चौथ्या ठिकाणी फाटक बंद असतं आणि पाचव्या ठिकाणी काय प्यायलो ते दुसऱ्या दिवशी कुणालाच आठवत नाही.

रोज शेकडो पाहुणे येणाऱ्या मोठ्या वायनरीत तिकीट काढलं की काम होतं. छोट्या कौटुंबिक वायनरीचं गणित वेगळं असतं. तुम्हाला ग्लास भरून देणारा माणूसच बऱ्याचदा टाक्यांचं तापमान बघतो, द्राक्षाचा ट्रॅक्टर उतरवून घेतो आणि बिलही करतो. तुमच्यासाठी तो हातातलं काम सोडून येतो. त्यामुळे आपला दिवस त्याच्या कामाच्या वेळेला धरून आखावा लागतो. खालचे टप्पे दिलेल्या क्रमानेच घ्या, कारण बहुतेकांची चूक क्रमातच होते.

टप्पा १: आधी महिना, मग तारीख

"बागेत द्राक्षंच नव्हती" ही मी सर्वांत जास्त वेळा ऐकलेली तक्रार आहे. नाशिकमध्ये वेलीची छाटणी वर्षातून दोनदा होते: एप्रिलच्या सुमारास खरड छाटणी आणि सप्टेंबर-ऑक्टोबरात गोडी छाटणी. फळ गोडी छाटणीनंतर धरतं. म्हणजे नोव्हेंबरात गेलात तर बारीक हिरवे मणी दिसतील, डिसेंबर-जानेवारीत मण्यांत पाणी उतरायला लागेल, आणि तोडणी साधारण जानेवारी ते मार्च चालेल. पावसाळ्यात पानं भरपूर असतात, घड एकही नसतो, आणि निफाड-दिंडोरीकडच्या काळ्या मातीत गाडी रुतते. मे महिन्यात वेल नुकते छाटून नव्याने फुटत असतात, त्यामुळे बाग उघडीबोडकी वाटते.

जानेवारीचा शेवटचा आठवडा ते फेब्रुवारी हा माझ्या मते उत्तम काळ. वेलीवर घड असतात आणि आत टाक्यांमध्ये रस उकळत असतो, म्हणजे आंबवण चालू असते. अडचण एवढीच की याच दिवसांत वायनरीवाल्याला मान वर करायला सवड नसते. निवांत गप्पा हव्या असतील, नवी वाईन टाकीतून थेट चाखायची असेल, तर एप्रिलचा पहिला पंधरवडा धरा. ऊन सोसावं लागतं, पण माणूस भेटतो.

वार शक्यतो मंगळवार ते गुरुवार. शनिवार-रविवारी गंगापूर-सावरगाव रस्त्यावर गाड्यांची रांग लागते. सिंहस्थाच्या काळात शहर ओलांडायलाच दीड-दोन तास जादा धरा.

*सावध:* ड्राय डे तपासल्याशिवाय तारीख पक्की करू नका. २६ जानेवारी, १५ ऑगस्ट आणि २ ऑक्टोबर सगळ्यांच्या लक्षात असतात. निवडणूक कुणाच्याच लक्षात नसते. मतदान संपण्याआधीचे ४८ तास आणि मतमोजणीचा दिवस कोरडा असतो, आणि हे स्थानिक निवडणुकांनाही लागू होऊ शकतं. अशा दिवशी बाग बघायला मिळेल, ग्लास मिळणार नाही.

टप्पा २: एकच पट्टा निवडा

नकाशावर सगळ्या वायनरी "नाशिक" म्हणूनच दिसतात, पण त्या चार दिशांना आहेत. पश्चिमेला गंगापूर धरणाच्या काठाचा पट्टा शहराला लागून आहे. सुला आणि यॉर्क इथेच. उत्तरेला दिंडोरी. नैर्ऋत्येला इगतपुरी तालुक्यात सांजेगाव आणि कावनई. तिथे मुकणे धरणाच्या पाण्याजवळ व्हॅलोने ही छोटी वायनरी आहे. पूर्वेला निफाड तालुक्यात कुंदेवाडीची रेव्हिलो, जी एका पाटील कुटुंबाची आहे, आणि पुढे विंचूरचं वाईन पार्क.

निफाड आणि इगतपुरी एका दिवसात जोडू नका. एक शहराच्या पूर्वेला आहे, दुसरं मुंबईच्या वाटेवर. दोन्ही केलेत तर दिवस मुंबई-आग्रा महामार्गावर जाईल. मुंबईहून गाडीने येणाऱ्यांनी इगतपुरीचा पट्टा घ्यावा. घाट चढला की तुम्ही जवळजवळ पोहोचलातच. पुण्याहून येणाऱ्यांना निफाड सोयीचं, कारण सिन्नरवरून नाशिक शहरात न शिरता तिकडे वळता येतं. नाशिकला आदल्या रात्री मुक्काम असेल तर गंगापूर किंवा दिंडोरी.

एका दिवसात दोन वायनरी. तीन केल्यात तर तिसरी शहराजवळची असावी आणि तिथे फक्त बसायचं, टेस्टिंग करायचं नाही.

*तपासा:* "कौटुंबिक" हा शब्द जाहिरातीत बराच काळ टिकतो. यॉर्क एका कुटुंबाने सुरू केली, तिचं नाव घरातल्या तीन मुलांच्या नावांवरून पडलं, पण २०२१ मध्ये ती सुलाने विकत घेतली. तिथे जाण्यात गैर काही नाही, जागाही सुंदर आहे. मात्र मालकाशी बोलण्यासाठी जात असाल तर आज मालक कोण आहे, हे आधी विचारा.

टप्पा ३: फोन करा, आणि नीट करा

मेसेज पाठवून "सीन" झालं म्हणजे बुकिंग झालं, असं समजू नका. छोट्या वायनरीत फोन दुपारी अडीच ते चारच्या दरम्यान करावा. सकाळी माणूस बागेत किंवा प्रेसजवळ, म्हणजे रस पिळायच्या यंत्राजवळ असतो. आठ-दहा दिवस आधी पहिला फोन, आदल्या दिवशी दुसरा.

मी साधारण असं बोलतो: "नमस्कार दादा, आम्ही सहा जण आहोत, दोघं पिणार नाहीत. बुधवारी साडेदहाला आलो तर चालेल का? तोडणी असेल तर तुमच्या सोयीची वेळ सांगा." यातलं शेवटचं वाक्य सगळ्यात महत्त्वाचं. ते ऐकल्यावर समोरचा माणूस बरेचदा स्वतःच सांगतो की बुधवारी ट्रॅक्टर येणार आहे, गुरुवारी या, मी मोकळा आहे.

फोनवर चार गोष्टी विचारून घ्या:

१. बाग आणि टाक्या दोन्ही दाखवता का, की फक्त टेस्टिंग? काही वायनरींची बाग वायनरीपासून दूर, दुसऱ्याच गावात असते.
२. किती वाईन चाखायला मिळतात, त्याचे पैसे किती, आणि बाटल्या घेतल्यास ते वळते होतात का?
३. जेवणाची सोय आहे का? नसेल तर आपला डबा तिथे बसून खाता येईल का?
४. पैसे कसे घेता? आडवळणाच्या गावी यूपीआयचं नेटवर्क ऐनवेळी जातं. थोडी रोख जवळ ठेवा.

माझी स्वतःची चूक सांगतो. एका फेब्रुवारीत आम्ही चौदा जण न कळवता एका छोट्या वायनरीत गेलो. द्राक्षाचा ट्रॅक्टर फाटकात उभा, माल उन्हात तापत होता, आणि मालक बिचारा आमच्यासाठी खुर्च्या गोळा करत होता. त्या दिवशी आम्ही त्याचं नुकसान केलं. तेव्हापासून आठपेक्षा जास्त माणसं मी एकत्र नेत नाही. जास्त असतील तर दोन गट, दोन वेगळे दिवस.

टप्पा ४: गाडी आणि गाइड

मोटार वाहन कायद्यात १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅम अल्कोहोल ही मर्यादा आहे. पहिल्याच गुन्ह्याला सहा महिन्यांपर्यंत कैद, १०,००० रुपये दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. आता हिशोब करा. एका टेस्टिंगमध्ये साधारण ३० मिलिलिटरचे पाच घोट असतात, म्हणजे १५० मिलिलिटर. दोन वायनरी झाल्या की ३००, जेवणाबरोबर एक ग्लास घेतला की ४५०. बाटली ७५० मिलिलिटरची असते. म्हणजे अर्ध्याहून अधिक बाटली तुम्ही "फक्त चाखत चाखत" संपवलेली असते. चाखणाऱ्याने गाडीच्या किल्लीला हात लावायचा नाही. "मी थोडीच घेतो" म्हणणाऱ्या चुलत्यालाही नाही.

स्थानिक ड्रायव्हर घ्या आणि पूर्ण दिवसाचा दर ठरवा, किलोमीटरचा नको. किलोमीटरच्या दरात थांबण्याचे पैसे वाढत जातात आणि दोन्ही बाजूंची चिडचिड होते. त्याचं जेवण तुमच्या खर्चात धरा. आणि त्याला "एक घोट घे रे" असा आग्रह कुणीही करू नये.

गाइड हवाच असं नाही, पण पहिल्यांदा जात असाल तर घ्या. चांगला गाइड ओळखायची माझी एक रीत आहे: त्याला बागेबद्दल विचारा. "सध्या छाटणीनंतर किती दिवस झाले असतील? यंदा डावणी होती का?" (डावणी हा द्राक्षावरचा बुरशीचा रोग.) बागाईतदाराच्या घरातला किंवा वायनरीत काम केलेला माणूस लगेच बोलायला लागतो. ज्याला फक्त फोटोच्या जागा माहीत असतात तो विषय बदलतो. ठिकाणं तुम्ही ठरवणार की तो, आणि बाटल्यांच्या विक्रीवर त्याला काही मिळतं का, हेही स्पष्ट विचारा. मिळत असेल तर त्यात लपवण्यासारखं काही नाही, पण खरेदीच्या वेळी ते तुम्हाला माहीत असलेलं बरं.

रेल्वेने येणाऱ्यांसाठी: पंचवटी एक्स्प्रेस सकाळी नाशिकहून मुंबईला जाते आणि संध्याकाळी परत येते. मुंबईकराला एका दिवसाच्या सहलीसाठी ती उलटी पडते. सकाळी मुंबईहून सुटणारी गाडी पकडा आणि नाशिक रोडला उतरा. स्टेशन शहराच्या पूर्व अंगाला आहे, त्यामुळे निफाडचा पट्टा तिथून सरळ पडतो.

टप्पा ५: आदली रात्र आणि सकाळ

मिसळ सकाळी खाऊ नका. नाशिकला येऊन हे सांगणं जड जातं, पण तर्रीचा तिखटपणा जिभेवर बसला की शेनिन ब्लाँ या पांढऱ्या वाईनमधला पेरू-अननसाचा वास आणि पाणी यांत फरक कळत नाही. मिसळ दुसऱ्या दिवशी, चार पाव घेऊन, निवांत खा. सहलीच्या सकाळी पोहे, उपमा, थालीपीठ, अंडी असं पोटभर पण सौम्य खा. उपाशीपोटी तर अजिबात जाऊ नका.

अत्तर, परफ्यूम, मोगऱ्याचा गजरा हे सगळं त्या दिवशी नको. एकाच्या अंगावरचा वास संपूर्ण टेबलाचा ग्लास बिघडवतो. पान, बडीशेप, पुदिन्याची गोळी हेही टाळा. औषधं चालू असतील तर अल्कोहोल चालेल का, हे डॉक्टरांना आधीच विचारा. गरोदर बाईने फक्त बाग आणि जेवण यांचाच आनंद घ्यावा.

बरोबर घ्या: प्रत्येकी दोन लिटर पाणी, टोपी, बंद बूट (आतली फरशी ओली आणि निसरडी असते), हिवाळ्यात स्वेटर, वही-पेन, वयाचा पुरावा आणि बाटल्यांसाठी थर्माकोलचा खोका किंवा आइसबॉक्स. निफाडची थंडी हलक्यात घेऊ नका. राज्यातलं नीचांकी तापमान बरेचदा तिथेच नोंदलं जातं. वाईनसाठी २१ वर्षं पूर्ण असावी लागतात आणि लहान दिसणाऱ्या माणसाला ओळखपत्र विचारलं जातंच.

*निघण्याआधी तपासा:* आदल्या दिवशीचा दुसरा फोन झाला का? माणसं जितकी सांगितली तितकीच आहेत का? एखादं माणूस वाढलं असेल तर आत्ता कळवा, फाटकात उभं राहून नको.

टप्पा ६: पहिली वायनरी. बाग, टाक्या, मग ग्लास

साडेदहाला पोहोचा. गेल्या गेल्या ग्लासकडे वळू नका. ऊन चढायच्या आत बाग बघून घ्या. तोडणीच्या दिवसांत बागेतलं मुख्य काम पहाटेच उरकलेलं असतं, कारण थंड घड वायनरीत आले तर रस चांगला राहतो.

बागेत काय बघायचं? खायच्या द्राक्षाचा वेल मांडवावर किंवा इंग्रजी 'वाय' आकाराच्या आधारावर पसरलेला असतो. वाईनचा वेल तारांवर उभा, भिंतीसारखा चढवलेला. घड लहान, मणी बारीक, साल जाड, आत बिया. एक मणी परवानगीने खाऊन बघा. खायच्या थॉमसन द्राक्षाची सवय असलेल्या जिभेला तो आंबटसर वाटेल अशी अपेक्षा असते, पण पिकलेला वाईनचा मणी चांगलाच गोड असतो. तीच साखर पुढे अल्कोहोल होणार असते. मग साल चावून बघा. तुरटपणा जाणवेल, तो लक्षात ठेवा, दुपारी शिराझ या लाल वाईनच्या ग्लासात पुन्हा भेटेल. घोटाची आणि वेलीची अशी ओळख पटली की पुढची सगळी टेस्टिंग सोपी होते. म्हणूनच बाग आधी.

*सावध:* न विचारता मणी तोडू नका. डावणी-भुरी या रोगांसाठी फवारणी झालेली असू शकते आणि फवारणीनंतर किती दिवस थांबायचं, ते फक्त बागवाल्यालाच माहीत असतं.

आत गेल्यावर टाक्या, प्रेस, पिंपं या क्रमाने बघा. पांढऱ्या वाईनसाठी आधी रस पिळतात आणि मग आंबवतात. लालसाठी सालीसकट आंबवतात, रंग आणि तुरटपणा सालीतून उतरतो. एवढं समजलं की यजमानाला विचारण्यासारखे चांगले प्रश्न आपोआप सुचतात. "यंदा कुठल्या टाकीने त्रास दिला?" हा माझा आवडता प्रश्न. ओकच्या साधारण पिंपात २२५ लिटर मावते, म्हणजे ३०० बाटल्या. छोट्या वायनरीत अशी मोजकी पिंपं असतात आणि मालकाला प्रत्येकाचा स्वभाव ठाऊक असतो.

*सावध:* आंबवण चालू असलेल्या टाकीत डोकं घालून वास घेऊ नका. आत कार्बन डायऑक्साइड साठलेला असतो. तो हवेपेक्षा जड असतो आणि त्यात माणूस क्षणात बेशुद्ध पडू शकतो. मुलांचा हात धरून ठेवा.

टप्पा ७: टेस्टिंग

क्रम असा: फसफसणारी, पांढरी, रोझे (गुलाबी), लाल, आणि गोड वाईन सर्वांत शेवटी. लाल आधी घेतलीत तर तिच्या तुरटपणापुढे सोविन्यों ब्लाँसारखी पांढरी फिकी लागेल. गोड आधी घेतलीत तर पुढचं सगळं आंबट लागेल.

ग्लास दांडीला धरा. रंग बघा, न हलवता वास घ्या, मग हलवून पुन्हा घ्या. छोटा घोट तोंडात सगळीकडे फिरवा, पाच सेकंद ठेवा. मग गिळा किंवा थुंका. हो, थुंका. टेबलावरचं पिकदाणीसारखं भांडं त्यासाठीच असतं. आपल्याकडे लोकांना यात यजमानाचा अपमान वाटतो, पण वाईन करणारा माणूस स्वतः दिवसभर हेच करतो. न आवडलेला घोट त्यात ओतून देणंही शिष्टाचाराला धरूनच आहे.

प्रत्येक वाईननंतर वहीत एक ओळ: नाव, वर्ष, एक वास, घेणार की नाही. "छान" असं लिहू नका; संध्याकाळी सगळ्याच छान असतात. "कैरी", "ओली माती", "मिरी", "जांभूळ" असं लिहा. पुस्तकातले परदेशी फळांचे शब्द शोधायची गरज नाही.

मधे पाणी प्या आणि साधा पाव किंवा कुरमुरे खा. चिवडा टेबलावर ठेवू नका. मसाला आणि लसूण जिभेवर रेंगाळतात.

न पिणाऱ्यांची सोय आधी विचारून ठेवलेली असेल तर ते बाजूला पडत नाहीत. वास घेण्यात त्यांनाही सामील करा. न पिणाऱ्याचं नाक दुपारपर्यंत सर्वांत शाबूत असतं.

टप्पा ८: जेवण आणि दुसरी वायनरी

साडेबाराला टेस्टिंग थांबवा आणि एकपर्यंत जेवायला बसा. दुसरी वायनरी तीनच्या आधी नको. मधला वेळ रिकामा वाटतो म्हणून तिथे आणखी एक ठिकाण कोंबायचा मोह होतो, तो आवरा. पोट भरलेलं, पाणी प्यायलेलं आणि अर्धा तास सावलीत बसून झालेलं असेल, तरच दुसऱ्या ठिकाणचा ग्लास कळतो.

दुसऱ्या वायनरीत सगळी यादी चाखू नका. यजमानाला सांगा, "सकाळी पाच झाल्या आहेत, तुमच्या मनाला सर्वांत जवळच्या तीन द्या." त्याला आनंद होतो आणि बऱ्याचदा यादीत नसलेलं काहीतरी बाहेर येतं. साडेचारला निघा.

टप्पा ९: खरेदी आणि परतीचा प्रवास

बाटल्या टेबलावर बसून घेऊ नका. उठा, दहा मिनिटं चाला, वही उघडा, मग ठरवा. पांढरी आणि रोझे वर्ष-दीड वर्षात संपेल इतकीच घ्या; नाशिकच्या बहुतेक पांढऱ्या वाईन ताज्याच चांगल्या. जपून ठेवायची असेल तर पिंपात मुरलेली लाल घ्या आणि ती किती वर्षं ठेवावी, हे बनवणाऱ्यालाच विचारा. बाटली उन्हात मांडलेल्या फळीवरची नको, आतून मागा. बिल घ्या आणि जपून ठेवा.

एकदा एप्रिलमध्ये मी सहा बाटल्या डिकीत ठेवून जेवायला गेलो. परत आलो तोवर दोन बुचं वर सरकली होती आणि गालिच्यावर वाईन सांडली होती. उरलेल्या चारांना शिजवलेल्या फळासारखी चव आली. तेव्हापासून पेटी एसी चालू असलेल्या गाडीत, सीटच्या पायाशी असते. जेवताना गाडी उन्हात थांबणार असेल तर यजमानाला विनंती करा, "पेटी आत ठेवू का, जाताना नेतो."

*सावध:* दिंडोरीहून वणीमार्गे सापुताऱ्याला जायचा बेत अनेकांचा असतो. सापुतारा गुजरातमध्ये आहे आणि तिथे दारूबंदी आहे. नाशिकचं बिल तिथे कामाला येत नाही. बाटल्या घेतल्या असतील तर हद्द ओलांडू नका. सापुतारा करायचाच असेल तर तो वेगळ्या दिवशी, रिकाम्या डिकीने.

घरी पोहोचल्यावर बुचाच्या बाटल्या आडव्या, फिरकीच्या झाकणाच्या कशाही, पण दोन्ही अंधारात आणि शेगडीपासून दूर ठेवा. पांढरी पिण्याआधी दोन-तीन तास फ्रिजमध्ये ठेवा. लाल वाईनही आपल्या उकाड्यात वीस-पंचवीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवावी, कारण तिला १६ ते १८ अंश मानवतात आणि आपल्या घरात मार्चमध्ये ३० असतात. पहिली बाटली उघडाल तेव्हा वहीतली ओळ काढून वाचा आणि चव जुळते का, ते वायनरीवाल्याला फोन करून कळवा. त्याची बाटली प्रवासानंतर कशी लागली, हे त्याला सांगणारं सहसा कुणी नसतं.